बंदरामागचा मुलूख आणि युद्धावर गेलेली प्रवासी जहाजे

रायगड म्हटले की अलिबाग, मुरुड, श्रीवर्धन, उरण ही किनाऱ्यावरची नावे आधी आठवतात. कर्जत आणि खालापूर हे त्याच जिल्ह्यातले तालुके, पण त्यांच्या वाट्याला समुद्र आलेला नाही. एका अंगाला उल्हास, दुसऱ्या अंगाला पाताळगंगा, पाठीशी सह्याद्रीची भिंत आणि पायथ्याला भातखाचरे असा हा मुलूख. इथल्या वाचकापुढे अमेरिकी नौदलाची जहाजे आणि लष्कराने ताब्यात घेतलेल्या प्रवासी बोटी हा विषय ठेवला, तर तो पहिल्यांदा हेच विचारील की याचा आमच्याशी संबंध काय? ही प्रस्तावना त्या प्रश्नाचे उत्तर देण्यासाठीच लिहिली आहे.

उत्तर थोडक्यात सांगता येते. कोणतेही मोठे बंदर एकट्याच्या बळावर चालत नाही. जहाजातून उतरलेल्या माणसांना पुढे नेणारी रेल्वे लागते, शहराला वीज लागते, घाट चढणारे रस्ते लागतात आणि ही सारी कामे करणारी माणसे लागतात. मुंबई बंदराच्या मागे हा भार ज्या मुलखांनी वाहिला, त्यांत कर्जत आणि खालापूर अगदी पुढे आहेत. प्रवासी जहाज युद्धावर जाते तेव्हा बंदरामागचा मुलूखही त्याच्याबरोबर युद्धात ओढला जातो. इतिहासात मात्र आरमारप्रमुखांची नावे राहतात. बोटीवरचा खलाशी आणि बंदरामागचा मुलूख, दोघेही गाळले जातात. ती गाळलेली बाजू वाचकासमोर आणणे हा या पुस्तकाचा हेतू आहे.

आधी प्रवासी जहाज लष्करी कसे होते ते पाहू. युद्ध पेटले की सरकार जहाज कंपन्यांकडून बोटी ताब्यात घेते. त्यात पहिली पसंती वेगवान बोटींना मिळते. दुसऱ्या महायुद्धातल्या पाणबुड्या पाण्याखाली फार हळू चालत. त्यामुळे २० नॉटांहून अधिक वेगाने जाणारे जहाज गाठणे त्यांना अवघड जाई. असे जहाज गोदीत आले की आधी त्याचे वैभव उतरवले जाई. गालिचे, आरसे, पियानो बाहेर निघत. दिवाणखाने आणि नाचाची दालने रिकामी करून तिथे एकावर एक अशा झोपण्याच्या फळ्या किंवा कॅनव्हासच्या खाटा बसवत. पांढऱ्या, पिवळ्या, लाल रंगांवर राखाडी रंगाचा हात फिरे. गोल खिडक्यांतून रात्री उजेड बाहेर जाऊ नये म्हणून त्या झाकल्या जात. डेकवर विमानविरोधी तोफा चढत. जीवरक्षक तराफे, पाण्याच्या टाक्या, स्वयंपाकघरे आणि संडास वाढवावे लागत. बाराशे प्रवाशांसाठी बांधलेल्या जहाजात मग सात-आठ हजार सैनिक मावत.

अशा जहाजांना चार प्रकारची कामे मिळत. काही सैन्यवाहू होत. काहींवर मोठ्या तोफा चढवून त्यांना गस्तीवर धाडत. काही रुग्णवाहू होत; त्यांचा रंग पांढरा, कडेने हिरवा पट्टा आणि त्यावर लाल क्रॉस, म्हणजे शत्रूने लांबूनच ओळखावे. किनाऱ्यालगत चालणाऱ्या लहान बोटींच्या वाट्याला सुरुंग काढणे आणि बंदराची राखण येई. या चारही प्रकारांची उदाहरणे मुंबईच्या इतिहासात सापडतात.

यांतले सर्वांत महत्त्वाचे उदाहरण पहिल्या महायुद्धातले आहे. कॅनेडियन पॅसिफिक कंपनीचे 'एम्प्रेस ऑफ इंडिया' हे जहाज १८९१ पासून व्हँकुव्हर, जपान आणि हाँगकाँग या मार्गावर प्रवासी नेत असे. १९१४ च्या अखेरीस ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांच्या पुढाकाराने ते विकत घेतले गेले आणि जानेवारी १९१५ मध्ये 'लॉयल्टी' या नावाने हिंदी जखमी सैनिकांसाठी रुग्णवाहू जहाज म्हणून दाखल झाले. त्याच सुमारास, फेब्रुवारी १९१५ मध्ये, खालापूर तालुक्यात खोपोलीला टाटांचे जलविद्युत केंद्र सुरू झाले. लोणावळ्याच्या बाजूची धरणे, घाटावरून नळांतून खाली येणारे पाणी, पायथ्याला जनित्रे आणि तिथून मनोऱ्यांवरून मुंबईच्या गिरण्यांकडे जाणारी वीज, अशी ही योजना होती. पुढे १९२२ मध्ये कर्जत तालुक्यात भिवपुरीचे केंद्र उभे राहिले. मुंबईची यंत्रे आपल्या डोंगरांच्या पाण्यावर फिरू लागली ती खोपोलीचे केंद्र सुरू झाल्यापासून.

'लॉयल्टी'ची कथा युद्धाबरोबर संपली नाही. १९१९ मध्ये ते जहाज विक्रीला निघाले. सोलापुरात जन्मलेले वालचंद हिराचंद, त्यांच्यासोबत नरोत्तम मोरारजी, किलाचंद देवचंद आणि लल्लूभाई सामळदास यांनी ते घेतले आणि सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनी उभी केली. शिंदे घराण्याचे नाव कंपनीच्या नावात कायमचे राहिले. ५ एप्रिल १९१९ रोजी 'लॉयल्टी' मुंबईहून लंडनला निघाले. आज भारतात ५ एप्रिल हा राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो तो या सफरीमुळे. जहाज जुने झाले होते, ते फार काळ चालले नाही. १९२३ मध्ये ते मुंबईतच मोडीत निघाले. ब्रिटिश कंपन्यांनी भाडी पाडून सिंदियाला बुडवण्याचा प्रयत्न केला, तरी कंपनी तगली. याच वालचंदांच्या बांधकाम कंपनीने बोरघाटात रेल्वेचे बोगदे खोदले. देशी जहाजवाहतुकीचा पाया घालणारा माणूस आणि आपल्या घाटाचा खडक फोडणारा कंत्राटदार एकच होता, ही गोष्ट कर्जतच्या प्रत्येक शाळेत सांगितली गेली पाहिजे.

दुसऱ्या महायुद्धात तोफा चढवलेल्या प्रवासी जहाजांपैकी काहींचा शेवट करुण झाला. पी अँड ओ कंपनीची 'रावळपिंडी', 'राजपुताना', 'रांची' आणि 'रणपुरा' ही चार जहाजे मुंबई-लंडन टपालमार्गासाठी बांधलेली. २९ ऑगस्ट १९३१ रोजी दुसऱ्या गोलमेज परिषदेसाठी महात्मा गांधी मुंबईहून निघाले ते 'राजपुताना'वरून. युद्ध सुरू झाल्यावर या जहाजांवर जुन्या सहा इंची तोफा बसवून त्यांना गस्तीवर पाठवले. २३ नोव्हेंबर १९३९ रोजी आइसलँडजवळच्या समुद्रात 'रावळपिंडी'ची गाठ 'शार्नहोर्स्ट' आणि 'ग्नायझेनाउ' या दोन बलाढ्य जर्मन युद्धनौकांशी पडली. प्रवासी जहाजाच्या पोलादाला चिलखत नसते. शरण न जाता ते लढले आणि थोड्याच वेळात जळून बुडाले. २३८ माणसे गेली. 'राजपुताना' १३ एप्रिल १९४१ रोजी जर्मन पाणबुडीच्या टॉर्पेडोने बुडाले. लाल क्रॉसही दर वेळी वाचवू शकला नाही. ब्रिटिश इंडिया कंपनीचे 'तलंबा' हे रुग्णवाहू जहाज १० जुलै १९४३ रोजी सिसिलीच्या किनाऱ्याजवळ बॉम्बहल्ल्यात बुडाले.

आपल्या कोकणच्या बोटीही युद्धाला गेल्या. बॉम्बे स्टीम नॅव्हिगेशनच्या आगबोटींवर कोकणातल्या पिढ्यान् पिढ्यांनी प्रवास केला. मुंबईतला गिरणीकामगार शिमग्याला आणि गणपतीला गावी पोचे तो याच बोटींनी. १९३९ मध्ये ही कंपनी सिंदियाच्या ताब्यात आली आणि लगेच युद्ध सुरू झाले. 'रत्नागिरी', 'नेत्रावती', 'प्रभावती' अशी घरगुती नावे असलेल्या बोटी रॉयल इंडियन नेव्हीत दाखल झाल्या. 'पार्वती' ही बोट ३० एप्रिल १९४१ रोजी तांबड्या समुद्रात असाबजवळ सुरुंगावर आदळून बुडाली. 'प्रभावती'चा अंत अधिक चटका लावणारा आहे. साडेपाचशे टनांची ही बोट ८ डिसेंबर १९४१ च्या रात्री अरबी समुद्रात मागे बांधलेले पडाव ओढून नेत होती. दोर नीट करण्यासाठी ती थांबली असताना 'ग्लासगो' या ब्रिटिश युद्धनौकेला ती जपानी पाणबुडी वाटली आणि आपल्याच बाजूच्या तोफांनी ती बुडवली.

रायगडच्या माणसाला १७ जुलै १९४७ ची 'रामदास' बोट ठाऊक आहे. भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ती बोट काशाच्या खडकाजवळ बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. अलिबाग आणि रेवसच्या गावांत त्या दिवसाच्या आठवणी अजून सांगितल्या जातात. 'प्रभावती'वरची माणसेही याच किनाऱ्याच्या जहाजवाहतुकीतली होती, पण त्यांच्या नावाने कोणी दिवा लावत नाही. युद्धकाळातल्या गुप्ततेने त्यांचे मरण झाकले आणि नंतर ते उघडण्याची तसदी कोणी घेतली नाही. ही उणीव आपण भरून काढायला हवी, असे मला मनापासून वाटते.

आता अमेरिकी जहाजांकडे येऊ. 'मॅनहॅटन', 'वॉशिंग्टन' आणि 'अमेरिका' ही अमेरिकेची तीन मोठी, नवी प्रवासी जहाजे. जून १९४१ मध्ये अमेरिकी नौदलाने ती घेतली आणि त्यांना 'वेकफील्ड', 'माउंट व्हर्नन' आणि 'वेस्ट पॉइंट' अशी नावे दिली. अमेरिका तेव्हा युद्धात उतरलेली नव्हती. तरीही चर्चिलच्या विनंतीवरून रूझवेल्टने ही तीन आणि आणखी तीन सैन्यवाहू जहाजे ब्रिटिशांच्या दिमतीला दिली. १० नोव्हेंबर १९४१ रोजी कॅनडातल्या हॅलिफॅक्सहून हा ताफा निघाला. त्यात ब्रिटनच्या अठराव्या डिव्हिजनसह सुमारे २०,००० सैनिक होते. ताफा ९ डिसेंबरला केपटाउनला पोचला; त्याआधी दोनच दिवस पर्ल हार्बरवर हल्ला झाला होता, आणि आदल्या रात्री अरबी समुद्रात 'प्रभावती' बुडाली होती. मध्यपूर्वेकडे निघालेल्या सैन्याचा मार्ग आता बदलला. 'माउंट व्हर्नन' वाटेत वेगळे होऊन मोंबासामार्गे सिंगापूरकडे गेले. उरलेला ताफा २७ डिसेंबर १९४१ रोजी मुंबईत आला.

अठराव्या डिव्हिजनच्या तुकड्या जहाजांवरून उतरून अहमदनगरच्या छावणीत सरावासाठी गेल्या. मुंबईहून नगरला जाण्याची एक वाट मनमाडवरून, तर दुसरी कर्जतवरून बोरघाट चढून पुणे-दौंडमार्गे जाते. १८६३ मध्ये हजारो मजुरांच्या कष्टांवर उभा राहिलेला आणि १९२९ पासून विजेवर चालणारा हा लोहमार्ग त्या काळात दख्खनेतल्या छावण्या आणि मुंबई बंदर यांना जोडणारी मुख्य शीर होता. चढाला लागण्यापूर्वी गाड्या कर्जतला थांबत, मागे ढकलणारी इंजिने जोडली जात आणि मगच गाडी खंडाळ्याच्या दिशेने निघे. पुणे, खडकी या छावण्यांत जाणारा सैनिक युद्धकाळात आपल्या स्टेशनाच्या फलाटावर थांबूनच पुढे गेला.

जानेवारी १९४२ च्या अखेरीस 'वेस्ट पॉइंट' आणि 'वेकफील्ड' या सैनिकांना पुन्हा घेऊन मुंबईहून सिंगापूरला निघाली आणि २९ जानेवारीला तिथे पोचली. दुसऱ्याच दिवशी जपानी विमानांचा बॉम्ब 'वेकफील्ड'च्या दवाखान्यात पडला आणि पाच जण ठार झाले. त्याही स्थितीत त्या जहाजाने ४०१ ब्रिटिश स्त्रिया आणि मुले घेतली. 'वेस्ट पॉइंट'वर १,२७६ माणसे चढली. कोलंबोमार्गे 'वेकफील्ड' मुंबईला परतले, निर्वासित उतरले आणि जहाजाची तात्पुरती दुरुस्ती झाली. १५ फेब्रुवारी १९४२ रोजी सिंगापूर पडले. नगरच्या माळावर सराव केलेले ते तरुण आता जपान्यांचे कैदी होते. त्यांतल्या अनेकांचा शेवट सयाम-ब्रह्मदेश रेल्वेच्या बांधकामावर झाला.

त्यानंतर अमेरिकी सैन्यवाहू जहाजांचा मुंबईकडे ओघच लागला. ब्रह्मदेश आणि चीनच्या आघाडीवर जाणारा अमेरिकी सैनिक प्रशांत महासागरातून ऑस्ट्रेलियाला वळसा घालून मुंबईत उतरे आणि पुढे आगगाडीने देश ओलांडी. मॅटसन कंपनीचे 'लर्लाइन' हे हवाई बेटांच्या सहलींसाठी नावाजलेले जहाज ३१ ऑक्टोबर १९४३ रोजी सुमारे ३,००० स्वयंसेवक सैनिक घेऊन मुंबईला लागले. ते नाशिकजवळच्या देवळालीच्या छावणीत गेले. पुढे हीच तुकडी 'मेरिल्स मरॉडर्स' या नावाने ब्रह्मदेशच्या जंगलांत लढली आणि मे १९४४ मध्ये तिने मितकिनाचे विमानतळ घेतले.

याच काळातले 'हर्मिटेज' हे जहाज मूळचे इटलीचे, 'कॉन्ते बियांकामानो' नावाचे. अमेरिकेने ते पनामाजवळ जप्त केले. १९४३ मध्ये मुंबईहून अमेरिकेला परतताना त्याने सातशेहून अधिक पोलिश निर्वासित नेले. त्यांत लहान मुलेही होती. रशियातल्या छावण्यांतून सुटलेल्या याच लोकांपैकी सुमारे पाच हजारांना कोल्हापूरजवळ वळिवडे येथे आसरा मिळाला होता. सैनिकांसाठी ठोकलेल्या फळ्यांवर निर्वासितांची मुले झोपली, हेही युद्धाच्या नोंदवहीत लिहिले गेले पाहिजे.

आणि एक जहाज असे की ज्यात अमेरिका आणि आपला देश एकाच पाण्यात बुडाले. 'रोहना' हे ब्रिटिश इंडिया कंपनीचे प्रवासी जहाज. २६ नोव्हेंबर १९४३ रोजी ते अमेरिकी सैनिकांना घेऊन भूमध्य समुद्रातून हिंदुस्थानच्या दिशेने येत होते. अल्जीरियाच्या किनाऱ्याजवळ जर्मन विमानाने सोडलेल्या, दुरून नियंत्रित होणाऱ्या बॉम्बने ते फुटले. एक हजाराहून अधिक अमेरिकी सैनिक बुडाले आणि जहाजावरच्या सुमारे दोनशे कर्मचाऱ्यांपैकी, ज्यांत बहुतेक हिंदी खलाशी होते, शंभरावर माणसे गेली. ही घटना कित्येक वर्षे दडवून ठेवली होती. अमेरिकेत आता त्या सैनिकांची स्मारके आहेत. आपल्याकडे त्या खलाशांची नावे घेणारे कोणी नाही.

या पुस्तकाने आणखी एक बाजू प्रामाणिकपणे मांडली पाहिजे, आणि ती आपल्या मातीतली आहे. युद्ध ब्रिटिशांचे होते आणि त्यात उतरण्यापूर्वी या देशाला कोणी विचारले नव्हते. माथेरानचे वकील विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, म्हणजे आपले भाई कोतवाल, यांनी १९४२ च्या लढ्यात आझाद दस्ता उभारला. मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडायचे आणि युद्धयंत्रणेचा श्वास कोंडायचा, हे या दस्त्याचे धोरण होते. बंदर कशावर चालते हे त्यांना नेमके कळले होते. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर पोलिसांच्या गोळ्यांनी भाई कोतवाल आणि हिराजी पाटील हुतात्मा झाले. एकाच सुमारास कोकणचा एक तरुण पोटासाठी युद्धनौकेवर चढत होता आणि कर्जतचा दुसरा तरुण त्या युद्धाची वीज तोडत होता. या दोघांत एकाला देशभक्त आणि दुसऱ्याला चाकर ठरवून मोकळे होणे मला मान्य नाही. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी मुंबईत 'तलवार' या नाविक केंद्रावर हिंदी नाविकांनी बंड केले आणि युनियन जॅक उतरवले गेले, तेव्हा गणवेश घातलेल्या पोरांनीही भाई कोतवालांच्या बाजूनेच कौल दिला.

नौदलाचा आपल्या घाटाशी असलेला संबंध युद्धानंतरही तुटला नाही. युद्ध संपण्यापूर्वीच, १५ फेब्रुवारी १९४५ रोजी, लोणावळ्याला 'शिवाजी' हे नौदलाचे अभियांत्रिकी शिक्षण केंद्र सुरू झाले. समुद्रापासून इतक्या दूर, सह्याद्रीच्या माथ्यावर, युद्धनौकांची यंत्रे चालवणारे हात आजही तिथे तयार होतात.

पुढच्या प्रकरणांत प्रत्येक जहाजाची हकिकत सविस्तर येईल: ते कोणी बांधले, कोणत्या मार्गावर चालले, त्याचे रूप कसे बदलले आणि शेवट काय झाला. वाचताना तीन गोष्टींकडे लक्ष ठेवावे अशी विनंती आहे. जहाज कोणाच्या पैशाने घेतले गेले, त्यावर राबणारी माणसे कोण होती आणि ते बुडाल्यावर कोणाची नावे लिहिली गेली. या तिन्हींची उत्तरे क्वचितच जुळतात; म्हणूनच ती शोधणे अगत्याचे आहे.

शेवटची विनंती कर्जत, खालापूर आणि एकूणच रायगडच्या घरांना. तुमच्या आजोबा-पणजोबांपैकी कोणी बोटीवर खलाशी, आगवाला किंवा भंडारी असेल, रॉयल इंडियन नेव्हीत असेल, युद्धकाळात रेल्वेत किंवा खोपोली-भिवपुरीच्या वीजकेंद्रांत राबला असेल, तर त्याचे कामाचे पुस्तक, पदक, पत्र, छायाचित्र पेटीत कुजू देऊ नका. त्याची प्रत काढून गावच्या वाचनालयात ठेवा, शाळेतल्या मुलांना दाखवा, घरातल्या वडीलधाऱ्यांकडून आठवणी ऐकून तारखेसह लिहून घ्या. जहाजे मोडीत निघाली, कंपन्या बंद झाल्या. हे कागद मात्र अजून आपल्या हाती आहेत. ते जपणे आपले काम आहे आणि ते याच पिढीने करायचे आहे.